मध्यंतराची पाटी काढल्यावर

संकलन शिकणाऱ्या, शेवटच्या वर्षाला असलेल्या एका विद्यार्थ्याचा प्रश्न आहे: ओटीटीमुळे सिनेमा खरंच बदलला, की तो बघायची फक्त जागा बदलली? आणि मराठी सिनेमाचं यात भलं झालं की वाटोळं?

मी चोवीस वर्षं संकलन करतोय. बहुतेक मराठी सिनेमे, थोडं हिंदी, गेल्या काही वर्षांत तीन वेब सिरीज. तेव्हा मी जे सांगणार ते एडिट टेबलावरून दिसतं तेवढंच. गुंतवणूक करणारा माणूस वेगळं सांगेल, थिएटरमालक आणखी वेगळं. मला विचाराल तर जागा बदलली ही त्यातली किरकोळ गोष्ट. आम्ही ज्याच्यासाठी कापतो तो माणूस बदलला. पूर्वी तो तिकीट काढून, अंधारात, दोनशे जणांच्या मधल्या खुर्चीत अडकलेला असायचा. उठायचं तर सहा जणांचे गुडघे ओलांडावे लागायचे. आता त्याचा अंगठा काचेवर असतो. बाकीचं सगळं या एका फरकातून निघतं.

मध्यंतरापासून सुरू करतो, कारण मला हे पहिल्यांदा तिथे कळलं.

माझा एक ग्रामीण सिनेमा थिएटरात तीन आठवडे चालला आणि मग एका प्लॅटफॉर्मनं घेतला. त्यांच्याकडून आलेली पहिली सूचना होती, मध्यंतराची पाटी काढा. म्हटलं, पाच मिनिटांचं काम. पाटी काढली, दोन्ही बाजू जोडल्या, प्ले केलं आणि डोक्याला हात लावला. मध्यंतराच्या आधीचा प्रसंग असा होता: बाप शेताच्या बांधावर उभा आहे, तलाठी कार्यालयातून आलेला कागद उघडतो, कॅमेरा चेहऱ्यावर सरकतो, ढोल चढत जातो, चढत जातो, आणि काळोख. आता पाटी नाही म्हटल्यावर त्या काळोखातून थेट काय आलं, तर गावावरून फिरणारा ड्रोन, सकाळचं ऊन, बासरी. शिंक येता येता अडकावी तसं झालं.

तो ड्रोन चाळीस सेकंदांचा होता आणि मीच ठेवला होता. कारण साधं आहे. मध्यंतर संपलं तरी निम्मे लोक वडापाव आणि चहा घेऊन अंधारात चाचपडत असतात, ‘सरका हो, सरका’ चालू असतं. त्या मिनिटभरात कथेचं महत्त्वाचं काही सांगायचं नाही, हा अलिखित नियम. माझ्या टेबलावर त्याला ‘वडापाव शॉट’ म्हणायचो. चोवीस वर्षांत किती सूर्योदय, किती नद्या, किती एसटी स्टँड या वडापाव शॉटमध्ये गेले, मोजदाद नाही.

ड्रोन अकरा सेकंदांवर आणला, ढोल उतरवला, तरी ती गाठ दिसतच राहिली. शेवटी लक्षात आलं की दोष त्या जोडाचा नाहीच. अख्खी पटकथाच दोन ओंजळींत मावेल अशी लिहिलेली होती. आपल्याकडे लेखक निर्मात्याला कथा ऐकवतो तेव्हा निर्माता विचारतो, ‘इंटरव्हलला काय आहे?’ दहा-बारा पानांचा ‘इंटरव्हल ब्लॉक’ वेगळा बसून लिहिला जातो. ओटीटीच्या बैठकीत हा प्रश्न मला एकदाही ऐकू आला नाही. तिथे विचारतात, ‘पहिल्या दहा मिनिटांत काय घडतं?’

या दहा मिनिटांनी काय केलं, ते सांगतो. एका सिरीजच्या पहिल्या भागाची सुरुवात आम्ही धरणाच्या पाण्यावरच्या धुक्यानं केली होती. म्हातारा कोळी होडी ओढत आणतो, जाळं काढतो, बिडी पेटवतो. अडीच मिनिटं. थिएटरात हे चालतं, कारण माणूस आत्ताच येऊन बसलाय, त्याला श्वास खाली बसायला वेळ हवा असतो, आणि पैसे दिलेत म्हणून तो आपल्याला थोडी उधारीही देतो. प्लॅटफॉर्मची टीप आली: प्रेत वर आणा. म्हणजे तिसऱ्या भागात जाळ्यात सापडणारं प्रेत पहिल्या मिनिटात दाखवा, मग ‘तीन आठवड्यांपूर्वी’ अशी पाटी टाका आणि मग तुमचं धुकं दाखवा. तुम्ही गेल्या पाच-सात वर्षांत पाहिलेल्या सिरीज आठवा. किती सिरीज रक्तानं सुरू होऊन ‘काही दिवसांपूर्वी’वर जातात? त्यातल्या बऱ्याच लिहिताना तशा नव्हत्या. त्या एडिट टेबलावर तशा झाल्या.

माझा सगळ्यात मोठा पराभवही सांगतो, म्हणजे मी नुसता वैतागलेला म्हातारा वाटणार नाही. दुसऱ्या एका कामात एक बाई नवऱ्याला सोडायचं ठरवते. रात्री मंगळसूत्र काढते, तांदळाच्या डब्यात खुपसते, वरून तांदूळ सारखे करते, झाकण लावते. संवाद नाही. अभिनेत्रीनं एका टेकमध्ये केलं होतं. टीप आली की हे ‘स्पष्ट होत नाही’. प्रेक्षक एका हातात फोन धरून बघत असतो, त्याची नजर दोन सेकंद खाली गेली तर त्याला कळणार नाही, म्हणून तिनं काहीतरी बोलावं. आठवडाभर भांडलो. शेवटी डबिंगमध्ये बहिणीला केलेल्या फोनची एक ओळ घातली, ‘मी आता ठरवलंय गं.’ ती ओळ अजून सलते. पण तेव्हा मला उत्तर देता आलं नाही असा एक मुद्दा त्यांच्याकडे होता: नेमक्या कुठल्या सेकंदाला किती लोक थांबले, हे त्यांना माहीत होतं. मला नव्हतं.

माझ्या मते खरा बदल इथे आहे. पूर्वी प्रेक्षकाबद्दलचं ज्ञान आमच्याकडे असायचं. सिनेमा लागला की मी पहिल्या दिवशी मॅटिनीला मागच्या भिंतीला टेकून उभा राहायचो. पडद्याकडे बघायचंच नाही, डोकी बघायची. लोक कुठे हलतात, कुठे खोकतात, कुठल्या प्रसंगात चार-पाच जण एकदम बाथरूमला उठतात. कोल्हापूरला एका सिनेमाच्या वेळी नायिकेच्या मामाचं भाषण सुरू झालं की हमखास सात-आठ जण उठायचे. त्यानंतर मी कुठल्याच मामाला दीड मिनिटाच्या वर बोलू दिलं नाही. वितरकाचा संध्याकाळी फोन यायचा, ‘साताऱ्याला बाल्कनी फुल्ल, खाली चाळीस,’ आणि आकडा सगळ्यांना कळायचा, निर्मात्यापासून चहावाल्यापर्यंत. आज त्याहून हजारपट नेमकी माहिती गोळा होते, पण ती ज्यानं सिनेमा कापला त्याच्याकडे येत नाही. निर्मात्यालाही बहुधा ‘चांगलं चाललंय’ यापलीकडे काही मिळत नाही. जे जाहीर होतं, त्याचीही व्याख्या बदलत राहते. २०२०च्या सुरुवातीला नेटफ्लिक्स दोन मिनिटं बघितलं तरी ‘बघितला’ म्हणून मोजत होतं. २०२१मध्ये ते एकूण तासांवर आले. २०२३पासून तास भागिले लांबी असा हिशोब आहे. दोन मिनिटांचा नियम असताना सुरुवात एक तऱ्हेनं कापावीशी वाटते आणि तासांचा नियम आला की दुसऱ्या. अमेरिकेत २०२३ साली लेखकांचा संप १४८ दिवस चालला आणि नटांचा ११८ दिवस. त्यांच्या मागण्यांत स्ट्रीमिंगमधल्या मोबदल्याबरोबर या आकड्यांच्या पारदर्शकतेचाही मुद्दा होता. आपल्याकडे इतका लांब संप रेटण्याइतकी मजबूत संघटना माझ्या तरी पाहण्यात नाही.

आवाजाबद्दल शिकणारे लोक कमी विचारतात, म्हणून थोडं. थिएटरचा मिक्स, म्हणजे संवाद, संगीत आणि बाकीच्या आवाजांचं अंतिम मिश्रण, करताना स्टुडिओची पातळी ठरलेली असते, हॉलचीही ठरलेली असते. त्यामुळे कुजबूज कुजबुजीएवढी आणि वीज विजेएवढी ठेवता येते, दोन्हींमध्ये भरपूर मोकळी जागा असते. ओटीटीला संवादाची सरासरी पातळी नेमून दिलेली असते. नेटफ्लिक्सची उणे २७ एलकेएफएस (आवाजाची पातळी मोजायचं एकक), दोन इकडेतिकडे. शिवाय वेगळा नियर-फील्ड मिक्स लागतो, म्हणजे जवळच्या, लहान स्पीकरसाठी केलेला. तो केला नाही आणि थिएटरचाच मिक्स ढकलला, तर आजीची कुजबूज ऐकायला प्रेक्षक आवाज वाढवतो आणि पुढच्या प्रसंगात बैलगाडी उलटते तेव्हा शेजारी बेल वाजवतात. माझी परीक्षा घरगुती आहे: फोन ओट्यावर ठेवायचा, कुकर लावायचा आणि दुसऱ्या खोलीत जाऊन ऐकायचं. तिसऱ्या शिट्टीला संवाद कळला तर मिक्स पास. पण यात हरवतं काय, तर खर्ज. लांबून जाणाऱ्या मालगाडीची घरघर फोनच्या स्पीकरमधून येतच नाही. मग साउंड डिझाइन करणारी पोरं घरघर काढून इंजिनाची शिटी घालतात. सिनेमातली रात्र त्यामुळे जरा जास्तच शिट्ट्या मारायला लागली आहे.

क्यूसीचा, म्हणजे दर्जा-तपासणीचा, किस्सा सांगितल्याशिवाय पुढे जाववत नाही. प्लॅटफॉर्मला फाइल दिली की ती तपासून तांत्रिक दोषांची यादी येते. भंडारदऱ्याजवळ पावसाच्या तोंडावर आम्ही काजव्यांचा प्रसंग घेतला होता, तीन रात्री जागून. यादीत सदतीस नोंदी आल्या, त्यातल्या एकवीस ‘लिट पिक्सेल’, म्हणजे कॅमेऱ्याचा सेन्सर बिघडून चमकणारे ठिपके. टाइमकोडसकट, म्हणजे नेमका कुठला क्षण त्यासकट. कुणीतरी बिचाऱ्यानं एकेक काजवा मोजला होता. बाविसावी नोंद होती ‘ऑडिओ ड्रॉपआउट’. तिथे बाप गेल्याचं कळल्यावर सहा सेकंद आम्ही मुद्दाम सगळा आवाज काढून घेतला होता. अशा वेळी उत्तरात ‘क्रिएटिव्ह इंटेंट’, म्हणजे हे आम्ही मुद्दाम केलंय, असं लिहायचं असतं. मी एकवीस वेळा लिहिलं, ‘काजवा. क्रिएटिव्ह इंटेंट.’ गंमत सोडली तर क्यूसीनं आम्हाला शिस्तही लावली, हे मान्य करायला हवं. पूर्वी माइकचा बूम फ्रेममध्ये डोकावला तर ‘कोण बघतंय’ म्हणून सोडून द्यायचो.

सबटायटलचंही तसंच, फक्त तिथे दुखणं खोल आहे. मराठी सिनेमा घ्यायचा की नाही हे ज्या टेबलावर ठरतं तिथे मराठी कळणारा माणूस असेलच असं नाही. त्यांच्यासाठी तुमचा सिनेमा म्हणजे खाली सरकणाऱ्या इंग्रजी ओळी. एका ओळीत फार तर ४२ अक्षरं, एका वेळी दोन ओळी. एका मालवणी प्रसंगात आई मुलाला लाडानं ‘मेल्या, जेवून तरी जा’ म्हणते. घाईत करून घेतलेल्या सबटायटलमध्ये ‘तू मेला आहेस, जेव’ अशा अर्थाचं इंग्रजी आलं. सिनेमा रहस्यपट होता. समोर बसलेल्या प्लॅटफॉर्मच्या बाईंनी अगदी गंभीरपणे विचारलं, मुलगा पहिल्यापासून भूत आहे का? तेव्हापासून मी निर्मात्यांना सांगतो, पोस्टरवरचे वीस हजार वाचवा आणि सबटायटलवर घाला, दोन्ही भाषा जगलेल्या माणसाकडून करून घ्या.

आता भलं की वाटोळं. इथे आधी पैशाचं बोलावं लागेल.

साधारण २०१० ते २०१५ या काळात मराठी सिनेमांची संख्या फुगली ती तिकिटांवर नव्हे. वाहिन्या सॅटेलाइट हक्क, म्हणजे टीव्हीवर दाखवायचे हक्क, विकत घ्यायच्या, बऱ्याचदा सिनेमा लागायच्या आधीच. छोट्या निर्मात्याचा निम्मा खर्च तिथे निघायचा. मग वाहिन्यांना कळलं की त्याच पैशांत मालिका जास्त टीआरपी देते, आणि तो नळ बारीक झाला. त्याच सुमारास ओटीटी आलं. हॉटस्टार २०१५, नेटफ्लिक्स जानेवारी २०१६, प्राइम व्हिडिओ त्याच डिसेंबरात, झी५ २०१८. सगळ्यांना वाटलं सॅटेलाइट गेलं, आता ओटीटी तारेल. करोनाच्या दोन वर्षांत ते खरंही वाटलं. जून २०२०मध्ये ‘गुलाबो सिताबो’ थिएटर टाळून थेट प्राइमवर आला, मल्टिप्लेक्सवाले जाहीरपणे चिडले. २०२१च्या मार्चमध्ये ‘पिकासो’सारखा दशावतारी बापाचा छोटा मराठी सिनेमा थेट जगभर दिसायला लागला. ३० एप्रिल २०२१ला ‘द डिसायपल’ नेटफ्लिक्सवर आला. तेव्हा महाराष्ट्रातली थिएटरं दुसऱ्या लाटेत बंद होती, ती उघडली थेट २२ ऑक्टोबरला. शास्त्रीय संगीताच्या साधनेत झिजणाऱ्या माणसाची ती गोष्ट, व्हेनिसला पटकथेचं पारितोषिक मिळवलेली. आपल्या वितरणाच्या रिवाजानुसार तिला सकाळी पावणेदहाचे चार शो मिळाले असते, असं मी पैजेवर सांगतो. ओटीटीनं तिला न्याय दिला, हे कबूल न करणं कोतेपणाचं होईल.

पण थिएटरं उघडली आणि सूर बदलला. ‘आधी थिएटरात लावा, मग बोलू’ हे आता सर्रास ऐकू येतं. म्हणजे ओटीटीचा भाव गल्ल्यावर ठरतो. ज्याला गल्ला मिळाला त्याला ओटीटीही मिळतं आणि ज्याला ओटीटीची खरी गरज त्याला ‘रेव्हेन्यू शेअर’ मिळतो, जितके तास बघितला तितके पैसे. माझ्या एका निर्मात्याला वर्षभराचे जे पैसे आले त्यात त्याच्या सबटायटलचाही खर्च निघाला नाही.

मल्याळम सिनेमाला जे मिळालं ते मराठीला का नाही, हे लोक नेहमी विचारतात. ‘आमचे विषय कमी पडतात’ हे उत्तर मला पटत नाही. जानेवारी २०२१मध्ये ‘द ग्रेट इंडियन किचन’ एका छोट्या मल्याळम प्लॅटफॉर्मवर आला, मोठ्यांनी आधी नाकारलेला. मल्याळी लोकांनी तो तिथे जाऊन बघितला, नंतर प्राइमनं घेतला. मुद्दा असा की मल्याळी, तमिळ, तेलुगू प्रेक्षकाला धरायचं तर त्याच्या भाषेत काहीतरी द्यावंच लागतं. मराठी माणूस हिंदी सहज बघतो. प्लॅटफॉर्मच्या हिशोबात महाराष्ट्र हा हिंदीचा बाजार आहे, मराठी सिनेमा नसला तरी तुमचं माझं वर्गणीचं नूतनीकरण होतंच. आपल्या दुभाषेपणाचा आपल्याला अभिमान असतो. इथे तो अंगाशी येतो. २०२१मध्ये ‘प्लॅनेट मराठी’ हे फक्त मराठीचं ओटीटी आलं तेव्हा मला आनंद झाला होता, पण मोबाइलच्या रिचार्जबरोबर चार ॲप फुकट मिळत असताना पाचव्यासाठी वेगळे पैसे काढायला लावणं कुणालाही जड जाणार.

२०१५मध्ये राज्य सरकारनं मल्टिप्लेक्सना मराठी सिनेमाला प्राइम टाइम देणं सक्तीचं केलं तेव्हा मोठा गदारोळ झाला होता. निदान तक्रार करायला एक पत्ता होता, मॅनेजरच्या केबिनपर्यंत मोर्चा नेता येत होता. ॲपच्या पहिल्या पानावर तुमचा सिनेमा दिसत नसेल तर कुणाच्या दारात जाणार? मी माझाच सिनेमा शोधताना पूर्ण नाव टाइप करूनही तो चौथ्या ओळीत सापडला होता, वर तीन हिंदी.

बघण्याच्या सवयीबद्दल मात्र जरा जपून बोलू. ‘पूर्वी सगळे थिएटरात जायचे’ हे अर्धंच खरं आहे. गावाकडे वर्षातून एकदा जत्रेत तंबू टॉकीज यायची, तेवढाच सिनेमा. १९७२ला मुंबई दूरदर्शन सुरू झालं आणि पुढे शनिवारी संध्याकाळी मराठी सिनेमा बघायला अख्खी चाळ एका घरात जमायची. ऐंशीच्या दशकात गणपतीत वर्गणी काढून व्हीसीआर भाड्यानं आणायचे आणि रात्रभरात तीन कॅसेटी संपवायचे. पहाटेपर्यंत निम्मे झोपलेले असायचे, पण परत करायच्या आधी बघून संपवायच्या हा हट्ट. परदेशातल्या मराठी लोकांचं तर मंडळानं एका रविवारी भाड्याच्या हॉलमध्ये लावलेला एक शो, नाहीतर किराणा दुकानातली डीव्हीडी, यावर चाललं होतं. तेव्हा घरी सिनेमा बघणं नवीन नाही. एकट्यानं बघणं नवीन आहे. आणि हवं तिथे सोडून देणंही. ‘सैराट’ एप्रिल २०१६च्या शेवटी लागला, जिओ त्या सप्टेंबरात आलं. या चार-पाच महिन्यांच्या अंतराकडे मी नेहमी बोट दाखवतो. टेम्पो भरून तालुक्याच्या थिएटरला गेलेली पोरं वर्षभरात आपापल्या फोनमध्ये शिरली.

याची उलट बाजूही गमतीची आहे. एकट्यानं बघायला इतकं मिळाल्यावर थिएटरात लोक जातात ते एकत्र बघण्यासारखं असेल तरच. २०२३ला ‘बाईपण भारी देवा’ला बायका ठरवून, नटून, घोळक्यानं आल्या. त्या सिनेमाला येत होत्याच, पण एकमेकींबरोबर येत होत्या. निर्मात्यांनी यातून घेतलेला धडा असा की आता प्रत्येक कथेत ‘ग्रुप’ पाहिजे. पाच मैत्रिणी, चार मित्र, एक सहल. एका माणसाची, गप्प, संथ गोष्ट घेऊन आलेल्या दिग्दर्शकाला म्हणतात, ‘हे ओटीटीचं आहे.’ ओटीटीवाले म्हणतात, ‘प्रेत कुठे आहे?’ तो दिग्दर्शक या दोन वाक्यांच्या मध्ये उभा आहे, आणि मराठीची खरी ताकद नेमकी तसल्या सिनेमांत होती.

काही लोक तिसरी वाट बघतायत. आमिर खाननं ऑगस्ट २०२५मध्ये आपला सिनेमा ओटीटीला न देता यूट्यूबवर १०० रुपयांत लावला, बघायचा तर तिकीट काढा. नाव मोठं असेल तर हे जमतं. माझ्या ओळखीतल्या एका तरुण दिग्दर्शिकेनं लहान आवृत्ती केली. तालुक्याच्या ठिकाणी कॉलेजचे हॉल घेऊन शंभर रुपयांत शो, नंतर गप्पा. एकतीस शो झाले. तिनं मला सांगितलं की लोक सिनेमापेक्षा गप्पांना जास्त वेळ थांबले. पैसे फारसे सुटले नाहीत, पण तिला सगळ्या गावांची डोकी पाठ झाली.

आता तुम्ही शिकत आहात म्हणून कामाचं थोडं. थेट ओटीटीला जाणाऱ्या सिनेमाला सेन्सॉरचं प्रमाणपत्र लागत नाही म्हणून निर्माते ते घेत नाहीत. घ्यायला लावा. त्याच्याशिवाय पुढे थिएटरात लावता येत नाही आणि राष्ट्रीय पुरस्कारालाही पाठवता येत नाही. तो खर्च मोठा नसतो, नंतर धावपळ मोठी होते. करारात हक्क किती वर्षांचे आहेत ते विचारायला लाजू नका, मुदत संपली की सिनेमा एका रात्रीत ॲपवरून जातो. माझे दोन आज कुठेच नाहीत. त्यातल्या एकाची मूळ फाइल निर्मात्याच्या कपाटातल्या हार्ड डिस्कवर होती, जी आता फक्त टक टक असा आवाज करते. फिल्मचं रीळ गोदामात पन्नास वर्षं पडून राहिलं तरी त्यातून काहीतरी निघायचं. तेव्हा अंतिम मास्टरच्या, म्हणजे पूर्ण झालेल्या सिनेमाच्या मूळ फाइलच्या, तीन प्रती, तीन ठिकाणी, त्यातली एक तुमच्या घरी.

आणि मध्यंतर नसलं तरी ते कुठे आलं असतं हे टाइमलाइनवर खूण करून ठेवा. मी अजून करतो, सिरीजच्या भागातसुद्धा. तिथे दम घ्यायची जागा आहे की नाही ते लगेच कळतं.

माझी आई मिरजेला असते, वय ८१. तो ग्रामीण सिनेमा तिनं थिएटरात पाहिला नव्हता, गुडघ्यांमुळे. गेल्या दिवाळीत टॅबवर लावून दिला. मला वाटलं बघू तरी, ती कुठे थांबते. ती बाविसाव्या मिनिटाला दूधवाला आला म्हणून उठली, ती उठलीच. दुसऱ्या दिवशी दुपारी पुढचा थोडा, मग झोप. तिसऱ्या दिवशी शेजारच्या काकू आल्या, तर आईनं आधी त्यांना तोवरची सगळी गोष्ट तोंडी सांगितली, नावं थोडी इकडची तिकडे करून. बापाच्या हातात कागद येतो तिथे थांबली, म्हणाली, ‘थांबा, चहा ठेवते, मग सांगते.’ मी आतल्या खोलीतून ऐकत होतो. तिनं सांगितलेला सिनेमा माझ्या कटपेक्षा बराच लहान होता आणि त्यात ड्रोन नव्हता.